सोलापूर सोळा गावांचे नव्हे, तर साष्टी सहासष्ट गावांची कशी?

प्रश्न : शिवारवाचक

सप्रेम नमस्कार. गेली काही वर्षे मी महाराष्ट्रातील गावांच्या नावांमागची स्पष्टीकरणे एका वहीत टिपून ठेवत आलो आहे. वही भरत आली आहे. मात्र तिच्यातील निम्म्याहून अधिक मजकुरावर माझाच विश्वास बसत नाही. एकाच नावाला तीन-तीन कथा मिळतात, आणि प्रत्येक सांगणारा ती कथा वडिलोपार्जित असल्याच्या खात्रीने सांगतो. सांगली म्हणजे 'सहा गल्ली', सोलापूर म्हणजे 'सोळा गावे', चिखलदरा म्हणजे भीमाने कीचकाला जेथे मारून टाकले तो 'कीचकदरा', आणि नाशिक म्हणजे एकीकडे शूर्पणखेची नासिका, तर दुसरीकडे 'नवशिखा', म्हणजे नऊ टेकड्या. या कथा ऐकायला गोड असल्या, तरी त्यांतील कोणती स्वीकारावी आणि कोणती केवळ लोककथा म्हणून बाजूला नोंदवावी, याची कसोटी मला सापडत नाही.

माझी अडचण वाढवणारी गोष्ट अशी की, सोळा गावांचे सोलापूर ही कथा जाणकार मंडळी हसून बाजूला सारतात. परंतु मुंबईच्या उत्तरेकडील साष्टी बेटाचे नाव सहासष्ट गावांवरून पडले, हे मात्र तीच मंडळी गंभीरपणे मान्य करतात. एका ठिकाणी आकडा खोटा आणि दुसऱ्या ठिकाणी खरा, हे कशाच्या आधारावर ठरते? शिवाय '-वली', '-नेर' आणि '-ऊर' या शेवटांचा अर्थ काय, आणि एकाच नावाची दोन गावे असताना त्यांना लागणारे बुद्रुक, खुर्द यांसारखे शब्द मूळ नावाचाच भाग धरावेत का, हेही कोणी समजावून सांगितल्यास आभारी होईन.

उत्तर : प्राकृतपाठी

आपल्या प्रश्नाचे पहिले उत्तर असे की, आज आपण जे नाव उच्चारतो त्याची फोड करू नये. ज्या रूपात ते नाव सर्वांत आधी लिहिलेले सापडते, त्या रूपाची फोड करावी. लोककथा रचणारा नेहमी आपल्या काळच्या उच्चारावरून अर्थ लावतो, आणि नाव जर हजार-दीड हजार वर्षांचे असेल, तर त्या उच्चाराचा मूळ उच्चाराशी संबंध अनेकदा ओळखू न येण्याइतका बदललेला असतो. पैठण हे नाव कोणालाही केवळ ऐकून उलगडणार नाही. पण सातवाहनांची राजधानी 'प्रतिष्ठान' होती हे ठाऊक असले, की प्रतिष्ठान, पइठ्ठाण, पैठण ही उतरंड आपोआप दिसू लागते. कराड हे भारहुतच्या स्तूपावरील दानलेखांत 'करहकट' या रूपात येते आणि पुढे संस्कृत लेखांत 'करहाटक' होते. भोकरदनचे जुने रूप 'भोगवर्धन', ठाण्याचे शिलाहारांच्या ताम्रपटांतील रूप 'श्रीस्थानक', आणि कान्हेरीचे तेथील लेण्यांतच कोरलेले रूप 'कण्हगिरी'. भोकरदनमध्ये भोकराचे झाड शोधणाऱ्या माणसाला ते तेथे कदाचित सापडेलही, पण गावाचे नाव त्या झाडावरून पडलेले नाही.

दुसरी कसोटी ध्वनिबदलाच्या नियमिततेची आहे. एका नावात जो बदल आपण गृहीत धरतो, तोच बदल त्याच भाषेतील इतर शब्दांतही दिसला पाहिजे. 'नगर' शब्दातील ग प्राकृतात लोपतो, त्याचे 'नयर' होते आणि पुढे 'नेर' उरते. प्रवरेच्या संगमावरील संगमनेर, तसेच पारनेर, जामनेर, अमळनेर, पिंपळनेर ही नावे या एकाच वाटेने आलेली आहेत. जुन्नरमध्येही बहुधा 'जुण्ण', म्हणजे जुने, आणि 'नयर' हेच दोन घटक मिसळलेले असावेत. 'पल्ली', म्हणजे लहान वस्ती, या शब्दातील प दोन स्वरांच्या मध्ये आला की व होतो आणि 'वली' तयार होते. बोरिवली आणि कणकवली ही नावे या साच्यात बसतात. या बदलाच्या पायऱ्या महाराष्ट्राच्या नकाशावर आजही एकमेकींशेजारी ठेवता येतात, आणि मला स्वतःला हे उदाहरण फार आवडते: चंद्रपूर जिल्ह्यात चिचपल्ली आहे, कोकणात चिंचवली आहे आणि देशावर जागोजागी चिंचोली आहे. नाव एकच, झाडही एकच; प्रत्येक ठिकाणी ते वेगवेगळ्या टप्प्यावर थांबले आहे, इतकेच.

वाशिमचे उदाहरण याहून समाधानकारक आहे, कारण तेथे मधली पायरी केवळ तर्काने मांडावी लागत नाही. वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी 'वत्सगुल्म' होती, आणि राजशेखराच्या प्राकृत 'कर्पूरमंजरी'मध्ये तेच नगर 'वच्छोम' म्हणून येते. वत्सगुल्म आणि वाशिम एवढेच ठेवले तर साशंक वाचक मान हलवील, पण मध्ये वच्छोम ठेवल्यावर त्याला फारसे काही बोलता येत नाही.

आता या दोन कसोट्या आपल्या यादीला लावून पाहू. कीचकाचे चिखल होण्यासाठी क आणि च यांची अदलाबदल व्हावी लागते, क चा ख व्हावा लागतो आणि शेवटी कोठून तरी ल आणावा लागतो; असे तीन अपघात एकाच शब्दात घडले हे मानण्यापेक्षा, चिखली, चिखलगाव, चिखलवाडी ही नावे ज्या चिखलावरून पडली त्याच चिखलावरून हा दराही ओळखला गेला, असे मानणे सरळ आहे. सांगलीच्या बाबतीत 'सहा' या शब्दात नसलेला अनुस्वार 'सांगली'त कोठून आला, याचे उत्तर 'सहा गल्ली'वाल्यांकडे नसते. सोलापूरविषयी तर भाषेचा पुरावा आणि लेखी पुरावा दोन्ही विरुद्ध आहेत. मराठी माणूस 'सोळा' म्हणतो, 'सोला' म्हणत नाही. ल आणि ळ यांत आपण एरवी कधी गल्लत करीत नाही, मग गावाच्या नावातच ती का व्हावी? आणि १२ व्या शतकातील शिवशरण सिद्धरामेश्वरांचे गाव कन्नड वचनवाङ्मयात 'सोन्नलिगे' म्हणून प्रसिद्ध आहे. त्या रूपात सोळाचा मागमूस नाही.

नाशिकचे प्रकरण थोडे वेगळे आहे, आणि येथे घाई करणाऱ्यांची फसगत होते. पांडवलेण्यांतील प्राचीन लेखात 'नासिक' हेच रूप असल्यामुळे 'नवशिखा' ही फोड बाद होते. परंतु त्यामुळे शूर्पणखेची कथा सिद्ध होत नाही. जुने रूप एखादी चुकीची फोड नाकारायला पुरेसे असते, पण समोर उरलेली फोड बरोबरच आहे अशी हमी ते देत नाही. आपल्या वहीत एक रकाना 'बाद' या शेऱ्याचा आणि दुसरा 'सर्वांत जुने रूप अमुक, अर्थ अनिश्चित' या शेऱ्याचा असावा. दुसरा रकाना भरत गेला, तरी वाईट वाटून घेऊ नये.

उत्तर : जुना दप्तरी

आयुष्याची बरीच वर्षे महसुली दप्तरात गेल्यामुळे आपल्या शेवटच्या प्रश्नाविषयी मी थोडे लिहू शकेन. व्युत्पत्तीच्या शास्त्रीय बाजूत मी पडत नाही.

बुद्रुक हा फारसी 'बुजुर्ग' या शब्दाचा मराठी तोंडात झालेला अवतार आहे आणि खुर्द म्हणजे लहान. गावाची वाढ होऊन नव्या जागी वस्ती झाली, किंवा ओढ्या-नदीने गावाचे दोन भाग पाडले, आणि दोन्ही भागांचा वसूल स्वतंत्रपणे लागू झाला, की थोरल्याला बुद्रुक आणि धाकट्याला खुर्द म्हणण्याची रीत होती. हे शब्द कारभाराच्या भाषेने दिलेले आहेत, त्यामुळे ते मूळ नावाच्या मानाने बरेच अलीकडचे आहेत आणि अर्थ लावताना ते बाजूला काढून ठेवावेत. आज एखादे खुर्द आपल्या बुद्रुकापेक्षा कितीतरी मोठे झालेले दिसते. त्याचे आश्चर्य वाटू नये, कारण हा शिक्का ज्या दिवशी मारला गेला त्या दिवसापुरताच तो खरा होता.

याच जातीचे आणखी काही शब्द आपल्याला भेटतील. 'कसबे' म्हणजे बाजारपेठ आणि कारभाराचे ठाणे असलेले गाव, तर 'मौजे' म्हणजे साधे शेतकी गाव. 'मजरे' म्हणजे मूळ गावाच्या हद्दीत पडलेली वाडी. 'दुमाला' म्हणजे ज्याचा वसूल सरकार आणि इनामदार अशा दोन धन्यांमध्ये वाटला जाई ते गाव. 'दिगर' म्हणजे दुसरे. 'तर्फ' हा परगण्याचा पोटविभाग, आणि एकाच नावाची गावे वेगळी ओळखता यावीत म्हणून तो नावाला जोडत; सातारा तालुक्यात करंजे तर्फ सातारा आणि करंजे तर्फ परळी ही दोन गावे अशीच वेगळी राखली आहेत. खानदेशातील कागदांत गावाच्या नावापुढे 'प्र.' आणि त्यापुढे एखादे सुटे अक्षर दिसते, ते प्रगणा आणि त्या प्रगण्याच्या नावाचे आद्याक्षर असते. तरुण कर्मचारी हे अक्षर गावाच्या नावातच धरून वाचतात आणि मग कोणीतरी त्याचीही व्युत्पत्ती लावतो!

ही सर्व शेपटे काढून टाकली, की उरलेली नावे बहुतांशी झाडांची निघतात, असा माझा अनुभव आहे. वड, पिंपळ, चिंच, बोर, आंबा ही झाडे सर्वांना माहीत असल्यामुळे वडगाव आणि पिंपळगाव कळतात. पण हिवरे हे नाव हिवर नावाच्या काटेरी झाडावरून, सावरगाव सावरीवरून, धामणगाव धामणीच्या झाडावरून, पांगरी पांगाऱ्यावरून आणि टेंभुर्णी त्याच नावाच्या झाडावरून आले आहे, हे आता गावातल्या मुलांनाही सांगावे लागते. ज्या झाडाची ओळख लोकांना राहिली नाही, त्या झाडाच्या नावाला देव किंवा राजा चिकटायला वेळ लागत नाही. एखादी पौराणिक कथा वहीत उतरवण्यापूर्वी जवळच्या एखाद्या वृद्ध गुराख्याला त्या नावाचे झाड आहे का, एवढे विचारावे.

उत्तर : सीमेवरचा वाचक

प्राकृतपाठी यांच्या विवेचनाविषयी आदर बाळगूनही मला एक आक्षेप नोंदवावासा वाटतो. त्यांच्या मांडणीवरून असा समज होऊ शकतो की, प्रत्येक मराठी नावाच्या तळाशी एक संस्कृत शब्द असतो आणि तो प्राकृतातून झिजत आपल्यापर्यंत येतो. दक्षिण महाराष्ट्रात, विशेषतः अक्कलकोट, जत, गडहिंग्लज या पट्ट्यात, हा समज टिकत नाही. मैंदर्गी, करजगी, नागणसूर ही नावे सरळ कन्नड आहेत, आणि ती ज्यांना कळतात त्यांना व्युत्पत्तीची गरज भासत नाही. मिरज हेसुद्धा जुन्या लेखांत 'मिरिंजे' म्हणून येते.

'-ऊर' या शेवटाचेच पाहा. 'पुर' शब्दातील प लोपून 'उर' होतो, हे काही नावांत खरे असेलही. पण कन्नडात 'ऊरु' म्हणजेच गाव, आणि दक्षिणेकडील बहुतेक '-ऊर' तेथून आलेले आहेत. लातूरविषयी एक चांगला पुरावा उपलब्ध आहे. राष्ट्रकूट राजे स्वतःला 'लत्तलूरपुराचे' अधीश्वर म्हणवून घेत. या बिरुदात 'लत्तलूर' या नावापुढे 'पुर' पुन्हा जोडलेले आहे. 'ऊर' हे 'पुर'चेच झिजलेले रूप आहे अशी त्या काळच्या लेखकाची जाणीव असती, तर 'पुर'पुढे 'पुर' लावण्याचे त्याला कारण नव्हते.

आणि गंमत म्हणजे ज्या 'पल्ली'चे उदाहरण त्यांनी इतक्या प्रेमाने दिले, तो शब्दच मुळात द्राविडी आहे. तमिळमध्ये 'पळ्ळि', तेलुगूत 'पल्लि' आणि कन्नडात जुन्या प चा ह झाल्यामुळे 'हळ्ळि'. गडचिरोलीच्या एटापल्लीतील पल्ली, धारवाडकडील गावांच्या नावांतील हळ्ळी आणि बोरिवलीतील वली ही सगळी एकाच घरची लेकरे आहेत. संस्कृताने तो शब्द दक्षिणेकडून उचलला, आणि आपण तो संस्कृताकडून आला असे समजून चालतो.

शिवारवाचक

तिन्ही उत्तरांबद्दल मनःपूर्वक आभार. वहीत बऱ्याच खाडाखोडी कराव्या लागणार आहेत, पण त्याचा आनंदच आहे. साष्टीचा प्रश्न मात्र अजून तसाच उभा आहे. तसेच मुंबईच्या नावाविषयी 'चांगले बंदर' या अर्थाच्या पोर्तुगीज शब्दांची जी फोड शाळेपासून ऐकत आलो, ती वरील कसोट्यांवर कशी उतरते, हेही जाणून घ्यायचे आहे.

उत्तर : प्राकृतपाठी

सीमेवरच्या वाचकांचा आक्षेप मला पूर्णपणे मान्य आहे. पल्लीचे मूळ द्राविडी हे मी लिहायला हवे होते. त्यात आणखी एक भर घालतो. जुन्या लेखात संस्कृत रूप आढळले, तरी ते मूळ रूपच असेल असे नाही, कारण ताम्रपट लिहिणारा पंडित स्थानिक नावाला संस्कृत पोशाख चढवीत असे. पुण्याविषयी ७५८ आणि ७६८ या दोन वर्षांचे राष्ट्रकूट ताम्रपट आहेत; एकात 'पुण्य' आणि दुसऱ्यात 'पूनक' असे रूप आहे. दहा वर्षांत गावाचे नाव बदलले नसणार. लोकांच्या तोंडी असलेले एकच नाव दोन लेखकांनी आपापल्या समजुतीप्रमाणे संस्कृतात बसवले, एवढाच त्याचा अर्थ मी घेतो, आणि म्हणून 'पुण्यभूमी ती पुणे' असे म्हणायला मी कचरतो. नांदेडचेही तसेच आहे. 'नंदितट' हे भारदस्त रूप सर्वांना ठाऊक असते, पण वाकाटकांच्या वाशीम ताम्रपटात त्या भागाचे नाव 'नांदीकड' असे आहे, आणि नांदेडला ते अधिक जवळचे आहे.

आता साष्टी. उत्तर कोकणातील शिलाहारांच्या लेखांत या भागाला 'षट्षष्टि', म्हणजे सहासष्ट, असेच म्हटलेले आहे. त्यामुळे हा आकडा नंतर कोणी ऐकून बसवलेला नाही. पण त्याहून महत्त्वाची गोष्ट अशी की, मध्ययुगीन दख्खनमध्ये महसुली प्रदेशाच्या नावाला गावांची संख्या जोडण्याची पद्धतच होती. 'करहाड चार हजार', 'मिरिंजे तीन हजार' असे उल्लेख लेखांत येतात. त्यांतील मोठे आकडे प्रत्यक्ष गावे मोजून काढलेले होते की रूढीने चालत आलेले होते, यावर वाद आहे; परंतु आकडा लागतो तो प्रदेशाला. साष्टी हा प्रदेश आहे. गोव्यातही साष्टी आहे, तीही सहासष्ट गावांची, आणि तिच्या उत्तरेला तीस वस्त्यांची तिसवाडी आहे. तेही प्रदेशच आहेत. सोलापूर ही एक वस्ती आहे, आणि एका वस्तीला सोळा गावांची संख्या का लागावी, याचे उत्तर कथेला आधी द्यावे लागेल. पाचगणीसारखा अपवाद कोणी पुढे करील, तर त्या नावात 'पाच' हा आकडा आजच्या मराठीतही जसाच्या तसा ऐकू येतो, तो ओढूनताणून काढावा लागत नाही, हा फरक ध्यानात घ्यावा.

मुंबईविषयी थोडक्यात सांगतो. पोर्तुगीज भाषेत 'बाईया', म्हणजे उपसागर, हा शब्द स्त्रीलिंगी आहे आणि 'बोम' हे 'चांगला' या अर्थाचे पुल्लिंगी रूप आहे; 'चांगला उपसागर' म्हणायचे असते, तर 'बोआ बाईया' म्हटले गेले असते. स्वतःच्या मातृभाषेत लिंगाची अशी चूक दर्यावर्दी लोकांनी केली, आणि ती पिढ्यानपिढ्या कोणी दुरुस्त केली नाही, हे पटण्यासारखे नाही. मुंबादेवीच्या नावाला 'आई' जोडून झालेले मुंबई हेच नाव त्यांच्या कानी पडले आणि त्यांनी ते आपल्या लेखनपद्धतीत बसवले, असे मानणे योग्य.

याच्या उलट्या दिशेने झालेला प्रवास मला अधिक खुपतो. मुंबई बेट आणि साष्टी यांच्या हद्दीवरील गावाला मराठीत 'शीव' म्हणतात, कारण शीव म्हणजे सीमा. इंग्रजी लेखनातून तेच नाव 'सायन' म्हणून परत आले, आणि आता मराठी बोलणारेही स्थानकाच्या पाटीवर देवनागरीत 'शीव' लिहिलेले असताना तोंडाने 'सायन' म्हणतात. भेंडीबाजाराबाबत तर 'बिहाइंड द बझार' ही इंग्रजी फोड मोठ्या आवडीने सांगितली जाते. पण आसपासची उमरखाडी, चिंचबंदर, फणसवाडी ही नावे पाहिली, तर दप्तरी महाशयांनी सांगितलेला झाडांचा नियम येथेही लागू पडतो आणि भेंडीच्या झाडाची बाजू जड वाटते.

उत्तर : जुना दप्तरी

एक सूचना राहून गेली होती. शिवारवाचकांनी केवळ वस्ती असलेल्या गावांवर न थांबता 'बेचिराख' गावांचीही नोंद करावी. ज्या गावात दिवा लावायला माणूस उरला नाही, पण ज्याचा शिवार आणि गटक्रमांक सरकारी कागदांत कायम आहेत, त्याला दप्तरात बेचिराख म्हणतात. अशा गावात कोणी राहत नसल्यामुळे त्याच्या नावावर कथा रचायलाही कोणी उरलेले नसते. म्हणून ते नाव पुष्कळदा जुन्या रूपात तसेच मिळते. त्याची जुनी पांढरी, म्हणजे घरे होती ती जागा, शेजारच्या गावातील शेतकरी बोटाने दाखवतात, आणि त्या तुकड्याला ते कोणत्या नावाने हाक मारतात, हे कागदावरच्या नावाशेजारी लिहून घ्यावे. नाव विचारताना 'या गावाचे नाव काय' असे न विचारता 'त्या गावाला जायचे असेल तर काय म्हणता' असे विचारावे. पुणे, ठाणे, धुळे ही नावे जशी पुण्याला, ठाण्याला, धुळ्याला अशी वळतात, तसे ते नाव वळले, तर ते लोकांच्या तोंडचे आहे असे समजावे. अडखळत आणि न वळता आले, तर ते कागदावरून तोंडात गेलेले असण्याचा संभव आहे.